वाई ते तासगाव, मामाच्या गाडीतून

शुक्रवार – वाई, मेणवली

यावेळच्या सुट्टीत घरात लग्न नाही, वास्तुशांत नाही, कुणी दवाखान्यात पण नाही. मग सांगलीत बसून येणाऱ्या-जाणाऱ्याला तिकडं थंडी किती असते ते सांगत बसण्यापेक्षा आईला म्हणलं तू पुढं वाईला मामाकडं ये, मी पुण्यावरून परस्पर तिथं येते, आणि मग मामाच्या गाडीतून रमतगमत खाली सांगलीला जाऊ. मामा रिटायर झाल्यापासून त्याला गाडी बाहेर काढायला निमित्तच हवं असतं. माझं निमित्त जरा वेगळं होतं. बरीच वर्षं जर्मनीत स्टुटगार्टला काढून बाहेरची म्हणून राहणं काय असतं ते आता अंगवळणी पडलंय, आणि त्यामुळं लहानपणापासून येता-जाता बघितलेल्या आपल्याकडच्याच काही जागा वेगळ्या दिसायला लागल्यात. लांबून माणसं आली, येताना आपला देव घेऊन आली, पुढं त्यांचं इथं काय झालं, हे एकदा नीट बघायचं होतं. मामाला हे सगळं सविस्तर सांगितलं तर तो म्हणाला, "म्हंजे देवदर्शनच की. सरळ सांग ना मग."

जेवण करून दुपारी मेणवलीला गेलो. वाईपासून तीनेक किलोमीटर. नाना फडणवीसांचा वाडा सगळेच बघतात, आम्ही पण बघितला, पण मला जायचं होतं खाली कृष्णेच्या घाटावर. तिथं मेणेश्वराच्या देवळापाशी एका छोट्या दगडी बांधकामात एक भलीमोठी घंटा टांगलीय. चिमाजी अप्पांनी 1739 मध्ये वसई जिंकली तेव्हा तिथल्या पोर्तुगीज चर्चच्या घंटा मराठ्यांनी काढून आणल्या आणि ठिकठिकाणच्या देवळांना दिल्या, भीमाशंकरला पण त्यातलीच एक आहे, तशी ही. अंगावर 1707 हे साल आणि बाळ येशूला घेतलेली मेरी.

लहानपणी शाळेच्या सहलीत ही घंटा बघितलेली तेव्हा 'कृष्णाला घेतलेली यशोदा' असं आमच्या बाईंनीच सांगितलं होतं असं आठवतंय. यावेळी अगदी नाक लावून बघितलं. मेरीचा चेहरा झिजून गुळगुळीत झालाय, नाक-डोळे काही उरले नाहीत, पण हाताच्या वळणावरून बाळ कडेवर आहे हे बरोबर कळतं. कडेला खरखरीत हिरवट डाग, मधे मधे लोकांचे हात लागून तांबूस चकाकी आलेली. आणि कुणीतरी खालच्या बाजूला कुंकवाचं बोट ओढलेलं. मी बोटाच्या पेरानं हळूच टकटक केलं तर बारीक पण लांबपर्यंत चालणारा आवाज आला, घाटावर गोधड्या धुणाऱ्या एका बाईनं वर बघितलं आणि परत धोपटायला लागली.

मी भाबडेपणानं म्हणलं बघ मामा, कुठली कुठं आली आणि शंकराच्या दारात राहिली. मामा माळकरी आहे, पण भाबडा अजिबात नाही. म्हणाला, "आली कुठं? हिला आणली. लढाईतला माल हाय तो. हिला कुणी इचारलं होतं का?" यावर मला काही बोलता येईना. आई मात्र म्हणाली, "अरे पण बाळू, वितळवून तोफ तर नाही ना केली? देवळातच टांगली. देवाची वस्तू देवाकडं." मग दोघं बहीणभाऊ त्यावर गाडीपर्यंत भांडत आले. मला दोघांचंही पटलं. लुटीचा माल आहे हे खरंच आहे, आणि अडीचशे-पावणेतीनशे वर्षं तिला देवाचीच वस्तू म्हणून वागवलंय हेही खरंच आहे.

रात्री मामीच्या हातची ज्वारीची भाकरी आणि पावट्याची उसळ. जेवताना घंटांवरूनच विषय निघाला. स्टुटगार्टला माझ्या फ्लॅटच्या समोरच चर्च आहे, पहिल्या हिवाळ्यात त्या घंटेनं मला रडवलं होतं, कारण संध्याकाळी अंधार पडलेला, घरात मी एकटी, आणि ती वाजायला लागली की आपल्याकडं आरतीची वेळ झाली एवढंच डोक्यात यायचं. आता तिच्यावर मी कुकर लावते.

मग मामानं विचारलं की तिकडं धर्माबिर्माचं कुणी विचारतं का. म्हणलं अरे सरकारच विचारतं. नवीन गावात राहायला गेलं की ऑफिसात नाव नोंदवायला लागतं, त्या फॉर्मवर धर्माचा रकाना असतो, कारण तिथं चर्चचा टॅक्स असतो आणि तो सरकार पगारातून कापून चर्चला देतं. आमच्या राज्यात इन्कम टॅक्सच्या 8 टक्के, बव्हेरियात पण 8, बाकी सगळीकडं 9. तो वाचवायला म्हणून किंवा चर्चवरचा विश्वास उडाला म्हणून लोक रीतसर अर्ज करून चर्च सोडतात, 2022 या एका वर्षात कॅथलिक चर्चमधून पाच लाखांवर लोक बाहेर पडले. माझा तो टॅक्स कापायचा प्रश्नच नाही, त्यामुळं पगाराच्या स्लिपवर धर्माच्या जागी नुसत्या दोन आडव्या रेघा असतात. मी मोबाईलवर स्लिप काढून दाखवली. मामानं चष्मा लावून नीट बघितली, आधी पगार बघितला हे मला कळलं, आणि मग म्हणाला, "म्हंजे तुझा पांडुरंग तिथं दोन रेघा व्हय?"

शनिवार – पाचगणी, मग सातारा

सकाळी पसरणी घाटातून वर. धुकं नव्हतं, खालचं धोमचं पाणी अगदी निळं दिसत होतं. पाचगणीत स्ट्रॉबेरीचा सीझन आणि शनिवार, म्हणजे पुण्यामुंबईच्या गाड्यांची जी काही रांग होती ती बोलायला नको. त्यात मामाचा क्लच.

पाचगणी हे गावच बाहेरच्यांचं. मुळात इंग्रजांना थंड हवेत राहायला जागा हवी होती म्हणून जॉन चेसन नावाच्या साहेबानं 1860 च्या दशकात इथं बस्तान बसवलं, झाडं लावली, आणि तो इथंच गेला, सेंट पीटर्स चर्चच्या आवारात पुरलाय. मग शाळा आल्या, पारशी आले, क्षयाचे पेशंट आले. झांझिबारला जन्मलेला एक पारशी मुलगा, फारुख बलसारा, इथल्या सेंट पीटर्सच्या बोर्डिंगमध्ये होता, तो पुढं फ्रेडी मर्क्युरी म्हणून जगभर गाजला. स्टुटगार्टला ऑफिसात कुणी विचारलं तू कुठली, तर सांगली म्हणून उपयोग नसतो, पुणे म्हणूनही फारसा नसतो, पण फ्रेडी मर्क्युरी शिकला त्या शाळेपासून जवळच म्हणलं की लगेच खुर्ची पुढं ओढतात.

पण मला रस होता तो बहाई लोकांमध्ये. हा धर्म एकोणिसाव्या शतकातला, इराणमधला, आणि तिथं त्यांचा पहिल्यापासून छळ झाला, अजूनही होतो. त्यांची न्यू एरा ही शाळा पाचगणीत 1945 पासून आहे. आम्ही टेबललँडवर गेलो, घोडेवाले मागं लागलेले, त्यांना चुकवत कडेला एका बाकावर टेकलो तर शेजारी एक म्हातारे गृहस्थ बसलेले, स्वेटर, कानटोपी, हातात काठी. आई कुणाशीही बोलायला लागते तशी लागली. अगदी स्वच्छ मराठी त्यांचं, आपल्यासारखंच सातारी वळणाचं. ते बहाईच निघाले, त्यांचे आजोबा इराणमधल्या यझदहून आलेले. मी पुण्यात कुठं इराणी हॉटेल होतं का विचारलं तर हसून म्हणाले, "तेच विचारतात सगळे. होतं."

बहाईंमध्ये पुजारी, भटजी, मौलवी असं कुणी नसतंच. वर्ष 19 महिन्यांचं आणि महिना 19 दिवसांचा, महिन्यातून एकदा सगळे जमतात, प्रार्थना, गावकीच्या गप्पा आणि मग खाणं. मार्चमध्ये उपवास, सूर्योदय ते सूर्यास्त, पाणी पण नाही, आणि मग 20 किंवा 21 मार्चला नवीन वर्ष. रोजच्या प्रार्थनेला तोंड करायचं ते अक्का शहराजवळच्या, धर्माचे संस्थापक बहाउल्लांच्या समाधीकडं, ते आता इस्रायलमध्ये येतं. मामाला यातलं शेवटचंच जास्त आवडलं. त्यानं विचारलं, "मग हितनं कोणत्या अंगाला पडतंय ते?" त्यांनी काठीनं वायव्येला महाबळेश्वरच्या बाजूला दाखवलं. मामानं लगेच पूर्वेला हात करून सांगितलं, "आमचं पंढरपूर हिकडं." दोघं थोडा वेळ दोन दिशांना बघत बसले आणि मग पाचगणीत पाण्याचे टँकर कसे येतात यावर बोलायला लागले.

मी त्यांना विचारलं की तुम्हाला कधी परकं वाटतं का. विचारल्यावर मलाच कसंतरी वाटलं, कारण हाच प्रश्न मला तिकडं दर पार्टीत कुणीतरी विचारतं आणि माझं डोकं उठतं. ते म्हणाले, इराणमध्ये गेलो तर वाटेल, तिथं मी कधी गेलोच नाही. बास. पुढं काही नाही. उठताना आईला सांगितलं की स्ट्रॉबेरी वरच्या स्टॉलवर घेऊ नका, खाली भिलारच्या रस्त्याला घ्या. तिथूनच घेतल्या.

चारच्या सुमाराला साताऱ्यात कंदी पेढे घ्यायला थांबलो. पेढ्याच्या दुकानात ही गर्दी, आई रांगेत, म्हणून मी आणि मामा बाहेर चहा घेत होतो तेव्हा मी त्याला नारायण वामन टिळकांचं सांगितलं. चित्पावन घरातला माणूस, कवी, 1895 मध्ये ख्रिस्ती झाला आणि स्वतःच्याच घरात परदेशी झाला. बायको लक्ष्मीबाई काही वर्षांनी त्यांच्या वाटेनं गेल्या. पण टिळकांना मिशनच्या गोऱ्या साहेबांचं ख्रिस्तीपण पण अंगाला बसेना, त्यांना येशू मराठीत हवा होता, अभंगात, कीर्तनात, टाळ घेऊन. शेवटी 1917 मध्ये मिशनची नोकरी सोडून याच साताऱ्यात त्यांनी 'देवाचा दरबार' मांडला, बाप्तिस्मा घेतलेले न घेतलेले सगळ्यांसाठी. दोन वर्षांत ते गेलेच. मामा म्हणाला, "म्हंजे हिकडचेबी न्हाईत आन तिकडचेबी न्हाईत." मग चहाचा कप ठेवून म्हणाला, "अभंग कसे हुते पण?" म्हणलं उद्या ऐकवते.

रस्ताभर उसाचे ट्रॅक्टर, दोन-दोन ट्रॉल्या, मागं रिफ्लेक्टर नाही, कराड ओलांडून पेठ नाक्यावरून आत वळेपर्यंत मामानं पांडुरंगाचं नाव घेतलं त्याला भक्ती म्हणायचं का शिव्या म्हणायच्या तेच कळेना. सांगलीत पोचायला रात्र झाली.

रविवार – मिरज

आमचं घर विश्रामबागला, तिथून मिरज म्हणजे आता एकच गाव झाल्यासारखं. मधे वानलेसवाडी लागते. लहानपणी मला वाटायचं कुणी वानलेस नावाचे पाटील असतील. सर विल्यम वानलेस, कॅनडात ऑन्टारिओला जन्म 1865 चा, अमेरिकन प्रेस्बिटेरियन मिशनकडून बायको मेरीला घेऊन 1889 मध्ये इकडं आले, सुरुवात सांगलीत छोट्या दवाखान्यानं आणि मग 1894 मध्ये मिरजेला हॉस्पिटल. आमच्याकडं त्याला अजून सगळे 'मिशन' म्हणतात, मिशनला नेलं, मिशनला दाखवलं. डोळ्यांची ऑपरेशनं, मुतखडे, पोटाची ऑपरेशनं, कर्नाटकातून कोकणातून बैलगाडीनं आणि रेल्वेनं माणसं यायची. शेजारी इकडच्या पोरांना डॉक्टरकीचं शिक्षण, कुष्ठरोग्यांसाठी वेगळी सोय, वानलेसवाडीला क्षयाचा दवाखाना. मिरज आज जे डॉक्टरांचं गाव आहे ते तिथून. 1928 ला सर किताब मिळाला, त्याच वर्षी रिटायर होऊन गेले आणि 1933 मध्ये कॅलिफोर्नियात वारले.

आता हे पण तितकंच खरं की ते धर्मप्रसारासाठी आले होते, नुसते औषध द्यायला नाही. त्यांनी ते कधी लपवलं पण नाही. ऑपरेशनच्या आधी प्रार्थना व्हायची. माझ्या आजीचं मोतीबिंदूचं ऑपरेशन मिशनला झालेलं, कितीतरी नंतरच्या काळात, पण प्रार्थना तेव्हाही झाली, आणि आजी सांगायची की सिस्टर डोळे मिटून तिचं म्हणत होती तेवढ्यात मी माझी रामरक्षा उरकून घेतली, म्हणलं दोघांपैकी कोण मोकळा असंल तो बघंल. आमच्या भागातल्या बहुतेक लोकांनी असंच केलं, औषध घेतलं, सिस्टरला आयुष्यभर दुवा दिला, आणि घरी येऊन सत्यनारायण घातला. काही थोड्यांनी धर्म पण घेतला, आणि त्यांना त्यांच्या गावकीत काय भोगावं लागलं ते वेगळंच, त्याबद्दल आपण फार बोलत नाही.

सकाळी मिशनच्या बाजूच्याच एका चर्चमध्ये रविवारच्या उपासनेला गेलो. आईनं इस्त्रीची साडी नेसली होती, मामानं टोपी. चपला बाहेर काढायच्या का यावर दारात आमचं थोडं थांबलं, आत सगळे बूटचपला घालून होते, मामानं तरी काढल्याच. एका बाईनं हसून गीतांचं पुस्तक हातात दिलं. पेटी, तबला, पुढं झांज घेतलेला एक मुलगा. पहिली दोन गाणी इंग्रजी चालीची, मामा इकडंतिकडं बघत होता. तिसरं मात्र टिळकांचं निघालं, आणि चाल अशी की पहिल्या ओळीलाच मामाचे हात आपोआप टाळ धरल्यासारखे झाले. दुसऱ्या कडव्याला तो गात होता. शब्द पुस्तकात बघून, एक ओळ मागं, पण मोठ्यानं. झांजवाल्या मुलानं त्याच्याकडं बघून लय जरा पुढं ढकलली, आणि मामानं ती पकडली.

बाहेर आल्यावर चहा होता, पाववडा होता. एका काकांनी मामाला विचारलं तुम्ही कुठल्या चर्चचे. मामा म्हणाला, "मी? मी वाईचा."

आईला वाटलं होतं मामाला कसंतरी वाटेल. तो गाडीत एवढंच म्हणाला की तबला जरा ढिला होता.

मला तिथं बसून स्टुटगार्टचा एक गुड फ्रायडे आठवत होता. त्या दिवशी तिकडं शांतता पाळायची असते, दुकानं बंद, नाचगाण्याला कायद्यानं बंदी. मी आपली बाल्कनीत फोन ठेवून भीमसेनांचे अभंग लावलेले. खालच्या मजल्यावरच्या आजी वर आल्या. म्हणलं आता बोलणार. त्यांनी आवाज बारीक करायला सांगितलाच, पण जाता जाता विचारलं की हे कुठलं प्रार्थनेचं संगीत आहे, आणि मग आत येऊन, आवाज बारीक करून, पूर्ण ऐकलं.

सोमवार – परत मिरज, दर्गा आणि सतारमेकर गल्ली

ख्वाजा शमसुद्दीन मीरासाहेबांचा दर्गा. सांगली-मिरजेत कुणाला सांगायला नको. उरूस असला की सगळी मिरज तिथं, पण आम्ही आडदिवशी गेलो, निवांत होतं. फुलवाला, उदाचा वास, कोपऱ्यात एक बाई लहान पोराची नजर उतरवून घेत होती.

इथली एक गोष्ट मला फार महत्त्वाची वाटते. उरुसात पहिला मानाचा गलेफ, म्हणजे कबरीवरची चादर, चढतो तो चर्मकार समाजाचा. पिढ्यान्‌पिढ्या. तो चढल्याशिवाय उरूस सुरू होत नाही. बाहेरून आलेल्या पीराच्या दरबारात, गावानं ज्यांना वेशीबाहेर ठेवलं त्यांना पहिला मान. आणि आता तो त्यांचा हक्क आहे, कुणाची मेहरबानी नाही. आमच्याकडच्या जत्रायात्रांत मानावरून माणसं किती भांडतात, पालखीला खांदा कुणाचा, पहिली ओटी कुणाची, आणि मला ते लहानपणी मूर्खपणा वाटायचं. परदेशात राहिल्यावर कळलं की मान म्हणजे ठरलेलं काम असतं. तू नसलास तर अडणार.

स्टुटगार्टकडं 'केअरवोखं' नावाची पद्धत आहे. बिल्डिंगचा जिना, बोळ, पुढचा फुटपाथ झाडायची भाडेकरूंची पाळी असते आठवड्या-आठवड्याची, आणि ज्याची पाळी त्याच्या दाराला एक पाटी लटकवतात. मी राहायला गेले तर पहिले काही महिने ती पाटी माझ्या दाराला आलीच नाही, वरच्यांच्या दारावरून थेट खालच्यांच्या दारावर. मला वाटलं चला सुटले. मग हळूहळू लक्षात आलं की आपल्याला धरलंच नाहीये, ही काय आज आहे उद्या नाही. आणि एका शनिवारी ऑफिसच्या कामातून उठून दार उघडलं तर पाटी. व्हिसा मिळाला, नोकरीचं ब्ल्यू कार्ड मिळालं, पर्मनंटचं कार्ड मिळालं, त्यातल्या कशानंही मला एवढा आनंद झाला नव्हता. त्या खालच्या आजींनी नंतर येऊन पायऱ्यांचे कोपरे बोटानं तपासले ते सोडा. दर्ग्यात उभी राहून हे आईला सांगितलं तर ती म्हणाली, "इथं कधी जिना झाडला नाहीस गं."

आवारातच उस्ताद अब्दुल करीम खाँसाहेबांची कबर आहे. कैराना गावचे, पार उत्तरेतले, आणि मिरजेत येऊन राहिले ते मिरजेचेच झाले. इथं आजारातून उठले ते पीराच्या कृपेनं अशी त्यांची श्रद्धा, म्हणून दर वर्षी उरुसाला इथं गायचे. 1937 मध्ये मद्रासकडून पाँडिचेरीला जाताना वाटेतल्या एका स्टेशनवर गेले, पण माती मिरजेची मिळाली. त्यांच्या आठवणीत अजून उरुसात गाणं होतं, मोठमोठे लोक येऊन हजेरी लावून जातात. मामा कबरीपाशी बराच वेळ उभा होता. सवाई गंधर्व हे खाँसाहेबांचेच शिष्य आणि सवाई गंधर्वांचे भीमसेन, म्हणजे तो सकाळी मोबाईलवर ज्यांचे अभंग लावतो त्यांची गंगोत्री इथं दर्ग्यात, हे त्याला आजच कळलं. त्यानं फुलवाल्याकडून परत एक फुलांची चादर आणली.

तिथून चालत सतारमेकर गल्लीत. हे मूळचे शिकलगार, हत्यारांना धार लावणारे, हत्यारं गेली तशी वाद्यांकडं वळले, आणि आता मिरजेच्या सतार-तंबोऱ्याला 2024 पासून जीआय मानांकन, म्हणजे ही वस्तू इथलीच असा सरकारी शिक्का, पण आहे. भोपळे येतात मंगळवेढा-पंढरपूरकडून, म्हणजे तंबोऱ्याचं पोट विठोबाच्या गावचं, मामा खूश. एका दुकानात कारागीर तंबोऱ्याची जवारी काढत होते, म्हणजे तार नीट झंकारावी म्हणून घोडी घासून जुळवत होते. घोडीवर कानस एकदा, फार तर दोनदा फिरवायची, फुंकर मारायची, तार लावून ऐकायचं, तारेखाली सुती धागा सरकवायचा, परत ऐकायचं, परत तार उतरवून कानस. अर्धा तास हेच. आम्हाला आधीच्या आणि नंतरच्या आवाजात पहिल्यांदा काही फरक कळेना, आणि मग एकदम कळला, तार वाजवली की आवाज थांबायच्या जागी उघडतच गेला.

पॅकिंगमध्ये एक सतार होती, परदेशात चाललेली. ते म्हणाले तिकडं हिटरनं हवा कोरडी होते, लाकूड आखडतं, म्हणून वर्षानुवर्षं मुरवलेलंच तूनचं लाकूड वापरतो, तरी पहिल्या वर्षी सूर हलतोच, गिऱ्हाईकाला सांगून ठेवतो की घाबरू नका. आईनं माझ्याकडं असं बघितलं की मी लगेच दुसरीकडं बघायला लागले.

मंगळवार – तासगाव

मंगळवार म्हणून आईनंच ठरवलं गणपतीला जायचं. सांगलीचा गणपती आहेच घरचा, पण तासगावचा उजव्या सोंडेचा. वाटेत द्राक्षबागा, काही ठिकाणी बेदाण्याच्या शेडवर जाळ्या पसरायला सुरुवात.

तासगावच्या देवळाचं गोपुर हा प्रकार आपल्या मुलखात दुसरीकडं सहसा बघायला मिळत नाही. सात मजली, दक्षिणेतल्यासारखं. परशुरामभाऊ पटवर्धन कर्नाटकात मोहिमा करत फिरले, टिपूच्या लढाईत होते, तिकडची देवळं बघून त्यांच्या मनात भरलं आणि अठराव्या शतकाच्या शेवटी त्यांनी इथं बांधलं. म्हणजे देव आपला पण दार तिकडचं. खालच्या चौकात उभं राहून वर बघितलं की मान दुखते.

मी आईला आणि मामाला मोबाईलवर हामचे फोटो दाखवले. जर्मनीत स्टुटगार्टहून पाच-सहा तासांच्या रस्त्यावर हाम म्हणून गाव आहे. श्रीलंकेत 1983 पासून जी लढाई पेटली त्यातून पळून आलेले तमिळ लोक तिकडं पोचले, निर्वासित म्हणून. त्यांनी आधी एका घराच्या तळघरात देवी बसवली, कामाक्षी. रथ काढायला लागले तशी गर्दी वाढली, पार्किंगच्या, आवाजाच्या तक्रारी आल्या, मग शहराबाहेर औद्योगिक भागात जागा घेऊन 2002 मध्ये मोठं देऊळ झालं. 17 मीटरचं गोपुर, रंगीत, आणि शेजारी कत्तलखाना, मागं वीजकेंद्राच्या चिमण्या. मी पहिल्यांदा गेले तेव्हा बसमधून ते दिसलं आणि मला आधी तासगावच आठवलं. उन्हाळ्यात रथ निघतो, युरोपभरातून माणसं येतात, आणि देवीला अंघोळ घालायला जवळच्या कालव्यावर नेतात, जिथं एरवी मालाच्या बोटी चालतात. पोलीस रस्ता अडवून उभे, लाल साड्या नेसलेल्या बायका डोक्यावर पेटते कापूर घेऊन, आणि फुटपाथवर जर्मन कुटुंबं खुर्च्या टाकून बघत बसलेली.

इथला गणपती दीड दिवसाचा, ऋषिपंचमीला रथ निघतो, काशीविश्वेश्वरापर्यंत, बैल नाही यंत्र नाही, माणसं दोर धरून ओढतात. रथ मंडपात झाकलेला होता, चाकं तेवढी दिसत होती. दर्शन झाल्यावर मामा त्या चाकापाशी जाऊन उभा राहिला, लाकडावर हात फिरवला, आरे मोजल्यासारखं काहीतरी केलं. तिथल्या पुजाऱ्यांनी त्याला दोर केवढा जाड असतो ते हातानं दाखवलं. आईचं प्रसादाचं चाललेलं, नारळ कुणी फोडायचा वगैरे. पुजाऱ्यांनी मला गोत्र विचारलं आणि राहायला कुठं ते विचारलं. म्हणलं स्टुटगार्ट, जर्मनी. संकल्पात त्यांनी ते न अडखळता घातलं, माझ्या नावाच्या आधी, जसं एरवी सांगली घालतात तसं. पगाराच्या स्लिपवर दोन रेघा आणि इथं संकल्पात स्टुटगार्ट, मला जरा हसूच आलं, आईनं कोपरानं ढोसलं.

बाहेर येऊन बेदाणे घेतले, हिरवे अर्धा किलो, काळे अर्धा किलो, काळे त्या खालच्या आजींसाठी, त्या केकमध्ये घालतात. भाव मामानं केला. गाडीत बसल्यावर बराच वेळ तो गप्प होता, मग कवठे एकंदच्या पुढं आल्यावर त्यानं विचारलं, "ते हामचा रथ. त्यो बी माणसंच वढत्यात?"

"माणसंच. बायका वेगळा दोर धरतात, पुरुष वेगळा."

"तमिळच लागतंय का माणूस?"

"नाही रे. कुणीही धरतं दोर. मी पण धरलाय."

"कधी असतो?"

"मे-जूनच्या सुमाराला."

आई मागून म्हणाली, "वारीच्या आधीच येतंय बघ बाळू."

मामानं गिअर बदलला, आरशात आईकडं बघितलं आणि मला म्हणाला, "पासपोर्टला काय काय कागद लागत्यात गं? रेशनकार्डावर माझं नाव चुकलंय, ते आधी दुरुस्त करायला लागंल."